शिळ्या पावाची तोर्ता: तिचिनोचा गावरान केक

डोंगरउतार

शिळ्या पावाचं काय करायचं, हा प्रश्न आपल्या या मंचावर दर पावसाळ्यात वर येतो. उत्तरंही ठरलेली असतात: उपमा, कटलेट, शाही तुकडा, नाहीतर मिक्सरमधून काढून ब्रेडक्रम्स. त्यात आज एक भर घालते.

मी राहते तो स्वित्झर्लंडचा इटालियन बोलणारा भाग, तिचिनो. उत्तरेकडून गॉटहार्डच्या बोगद्यातून गाडी बाहेर पडली की पाट्यांची भाषा बदलते, घरांची छपरं दगडी होतात आणि थोडं खाली आलं की ताडाची झाडं दिसायला लागतात. इथल्या प्रत्येक गावात, प्रत्येक घरात एक केक होतो: तोर्ता दी पाने, म्हणजे पावाची तोर्ता. मैदा नाही, बेकिंग पावडर नाही, लोणी आणि साखर फेटणं नाही. शिळा पाव दुधात भिजवायचा, त्यात घरात असेल ते घालायचं आणि तासाहून जास्त भाजायचं. दिसायला काळपट, बुटका, वरून चकचकीत. आयसिंगवाल्या केकच्या अपेक्षेने खाल तर निराश व्हाल. पुडिंग आणि केक यांच्या मधला प्रकार आहे, पण सुरीने नीट वडी पडते.

प्रमाण देते. 26 सेंमीच्या गोल टिनसाठी: 300 ग्रॅम शिळा पाव, 1 लिटर दूध, 2 अंडी, 150 ग्रॅम साखर, 100 ग्रॅम आमारेत्ती (बदामाची कुरकुरीत, किंचित कडसर बिस्किटं), 100 ग्रॅम बेदाणे, 50 ग्रॅम कोको, 50 ग्रॅम पिनोली म्हणजे आपले चिलगोजे, एका लिंबाची किसलेली साल, व्हॅनिला, चिमूटभर मीठ, तीनचार चमचे ग्राप्पा. ग्राप्पा म्हणजे वाइनसाठी द्राक्षं पिळल्यावर उरलेल्या चोथ्यापासून काढलेली दारू. इथे ती बऱ्याचदा 'अमेरिकाना' नावाच्या काळ्या द्राक्षांची असते. बेदाणे तिच्यातच भिजत टाकायचे.

पावाचे तुकडे मोठ्या पातेल्यात घ्या. दूध व्हॅनिला घालून उकळा आणि गरमच वर ओता. झाकून ठेवा. किती वेळ, ते पावावर आहे. मऊ पाव असेल तर तासाभरात काम होतं, कवच जाड असेल तर मी रात्रभर ठेवते. मग हाताने कुस्करा. मिक्सर नको, त्यात चिकट खळ होते. कुस्करल्यावर मधूनमधून बोटाला गाठी लागल्या पाहिजेत. त्यात आमारेत्तीचा चुरा, कोको, साखर, फेटलेली अंडी, बेदाणे, लिंबाची साल, मीठ. मिश्रण इडलीच्या पिठापेक्षा थोडं घट्ट हवं. टिनला लोणी लावून ओता, वर चिलगोजे पसरा, थोडी साखर भुरभुरवा, लोण्याचे चारपाच बारके तुकडे टाका. 180 अंशांवर एक ते सव्वा तास.

आणि आता सगळ्यात अवघड पायरी: त्या दिवशी खायची नाही. गरम असताना ती नुसतीच लगदा लागते. दुसऱ्या दिवशी मुरते, तिसऱ्या दिवशी सर्वात चांगली.

प्रमाण दगडावरची रेघ नाही. इथे दोन शेजारणींची पाककृती (पाकृ) जुळत नाही. एकीत कोको नसतो, दुसरीत संत्र्याच्या सालीचा मुरंबा असतो, तिसरी चॉकलेटचे तुकडे टाकते. बदलत नाहीत त्या गोष्टी तीनच: शिळा पाव, दूध आणि थांबण्याची तयारी.

शेवगाशेंग

मस्त! पाकृ वाचूनच वास आला. मूळ प्रश्न असा की पुण्यात बसून 'शिळा पाव' म्हणजे कोणता घ्यायचा? माझ्याकडे लादीपाव उरतो, कधी पाकिटातला ब्राऊन ब्रेड. दोन्ही चालतील का? आणि ब्रून पाव?

भातुकली

+१. माझाही हाच प्रश्न. शिवाय आमच्याकडे ब्रेड शिळा होत नाही, थेट हिरवा होतो.

रसायनी

भातुकली, तुम्ही गमतीत लिहिलंत पण मुद्दा तोच आहे. पाव शिळा होणं आणि पाव वाळणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. शिळेपणा म्हणजे पाणी उडून जाणं, असं आपण धरून चालतो. 1852 मध्ये बूसँगो या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने पाव हवाबंद भांड्यात ठेवला. पाणी कुठेच गेलं नाही, तरी पाव शिळा झाला. तोच पुन्हा गरम केल्यावर मऊ झाला.

घडतं असं: भाजताना पिठातला स्टार्च पाणी शोषून फुगतो आणि त्याची मूळची रचना मोडते. पाव गार होऊन पडून राहिला की ते रेणू हळूहळू पुन्हा ओळीत बसायला लागतात, त्यामुळे पाव घट्ट आणि भुसभुशीत लागतो. फ्रीजच्या तापमानाला ही क्रिया सर्वात वेगाने होते. म्हणून ब्रेड फ्रीजमध्ये ठेवला की बुरशी टळते, पण तो शिळा लवकर होतो. फ्रीझरमध्ये मात्र क्रिया जवळजवळ थांबते.

पाकिटातल्या ब्रेडमध्ये ही ओळ बसू नये म्हणून इमल्सिफायर असतात, शिवाय साखर, तेल आणि बुरशी लांबवायला कॅल्शियम प्रोपिओनेट. त्यामुळे तो आठवडाभर मऊ राहतो आणि मग बुरशी धरतो. मधली 'शिळा' ही अवस्था त्याच्या वाट्याला फारशी येतच नाही. या केकला तीच अवस्था हवी आहे. ओळीत बसलेला स्टार्च दूध ओढून घेतो पण लगेच विरघळत नाही, म्हणून ताईंनी सांगितलेल्या गाठी राहतात. ताज्या मऊ ब्रेडवर गरम दूध ओतलं तर पेज होते.

डोंगरउतार

रसायनी, इतकं नेमकं मला सांगता आलं नसतं, धन्यवाद.

शेवगाशेंग, ब्रून पाव सर्वात उत्तम. कवच आहे, आत साखर नाही. दोन दिवस उघड्यावर राहू दे. लादीपावही चालतो. गंमत म्हणजे इथला जो 'तिचिनोचा पाव' म्हणून स्वित्झर्लंडभर विकला जातो, तोही लादीचाच भाऊबंद आहे: पांढरा, पिठात थोडं तेल, छोटे गोळे एकमेकांना चिकटवून भाजलेला, खाताना एकेक तोडून घ्यायचा. त्यामुळे लादीपाव वापरून तुम्ही काही पाप करत नाही. मात्र तो आधी वाळवा: उभे काप करून ताटात पसरून एक रात्र, किंवा ओव्हनमध्ये 100 अंशांवर अर्धा तास, रंग येऊ न देता.

पाकिटातला ब्रेडच असेल तर दूध 700 मिलिलिटर घ्या आणि साखर 100 ग्रॅमवर आणा. होईल. पण ब्रून पावाची चव नाही यायची.

ठेचामिरची

विरजण घालतो, राग नसावा. 300 ग्रॅम पाव वाचवायला 1 लिटर दूध, 2 अंडी, बदामाची बिस्किटं, कोको आणि वर चिलगोजे? चिलगोज्याचा किलोचा भाव काही हजारांत असतो हो. पाच रुपयांच्या पावाला पाचशेचा साज. आमची आजी शिळ्या पोळीला कांदा आणि हळदीची फोडणी द्यायची आणि विषय संपायचा. काटकसर म्हणतात ती ही.

शेवगाशेंग

फोडणीच्या पोळीवर कोणी काही बोलायचं नाही :)

डोंगरउतार

राग कसला, बरोबर ठिकाणी बोट ठेवलंत. ही काटकसरीची पाकृ नाहीच. तसं तिला हल्लीच्या 'अन्न वाया घालवू नका' वाल्या लेखांनी करून टाकलंय.

रोजच्या काटकसरीला इथे आणि शेजारच्या, इटलीतल्या लोम्बार्दीत पानकोत्तो आहे: शिळा पाव, पाणी किंवा सूप, थोडं तेल किंवा लोणी, शिजवून खायचं. तुमच्या आजींच्या फोडणीच्या पोळीची जागा त्याची. तोर्ता ही गावच्या सणाची, पाहुण्यांची, रविवारची. आणि त्या काळात तिच्यातली महाग वस्तू पिनोली एकटीच नव्हती, पावही होता. या दऱ्यांमध्ये गहू पिकवायला सपाट जमीन कुठे आहे? वरच्या गावांत राय, पुढे मका आला तेव्हा पोलेन्ता (मक्याच्या पिठाची घट्ट लापशी), आणि डोंगरउतारावर चेस्टनट. चेस्टनट वाळवायचे, दळायचे आणि वर्षभर पुरवायचे. 'गरिबांचा पाव' म्हणत ते त्यालाच. गव्हाचा पांढरा पाव घरात उरलाय ही परिस्थितीच ऐपतीची खूण होती. तेव्हा उरलेल्या पांढऱ्या पावाचं फोडणी देऊन पटकन संपवण्याऐवजी थाटात काहीतरी करणं मला तरी समजू शकतं.

चिलगोजे परवडत नसतील तर सरळ वगळा किंवा काजूचे तुकडे टाका. खेड्यात अक्रोड टाकतातच, कारण ते दारात पिकतात.

कोकोबद्दलही विचारलं जाईल म्हणून आधीच लिहिते. गरीब डोंगराळ भागात चॉकलेट कुठून, असं मलाही वाटायचं. ब्लेनियो नावाची एक दरी आहे इथे. तिथली माणसं पिढ्यान् पिढ्या पोट भरायला बाहेर पडत, हिवाळ्यात मोठ्या शहरांत भाजलेले चेस्टनट विकत आणि चॉकलेट बनवत. पुढे त्याच दरीत दांजो गावाजवळ चीमा नोर्मा हा चॉकलेटचा मोठा कारखाना चालला, 1968 मध्ये बंद पडला. इमारत अजून उभी आहे, डोंगराच्या कुशीत एवढी लांबलचक की पहिल्यांदा बघताना खरं वाटत नाही. कोको इथे परका नाही.

जुनाप्रवासी

ताई, तुमच्या सीमेच्या पलीकडची बाजू मी मांडतो. नोकरीनिमित्त काही वर्षं मिलानच्या उत्तरेला, मोन्झाजवळ काढली. त्या टापूला ब्रियान्झा म्हणतात. तिथे हाच पदार्थ 'तोर्ता पाएज़ाना' म्हणून मिळतो, गावाकडची तोर्ता. कोणी नुसतं काळी तोर्ता म्हणतं. गावदेवाची, म्हणजे त्यांच्या गावच्या संताची जत्रा असली की घरोघरी ती व्हायची आणि बेकरीच्या काचेमागेही मोठमोठे ट्रे लागायचे, वजनावर विकायला.

तिथे कोको नसलेली तोर्ता मी पाहिली नाही. तो नसेल तर ब्रियान्झावाला तिला तोर्ता म्हणणार नाही. अंडी मात्र पुष्कळ घरांत घालत नाहीत. आणि आमच्या घरमालकीणबाई ग्राप्पा अजिबात घालत नसत. "ती तिकडची पद्धत," असं म्हणून हात उत्तरेकडे करत.

काही वर्षं रोज मशीन जोडणारी माणसं भेटली, पण जेवायच्या सुट्टीत दोन गावांची भांडणं व्हायची ती तोर्तेत पिनोली की बेदाणे यावरून. अमुक गावात दोन्ही घालतात म्हणजे ते गाव उधळं, वगैरे.

भातुकली

म्हणजे आपल्याकडे पुरणात जायफळ की वेलची, तसंच.

जुनाप्रवासी

त्याहून कडवट. जायफळवाले निदान एकमेकांच्या घरी जेवतात.

लिंबलोण

ताई, खूप आवडली पाकृ. आमच्याकडे अंडं चालत नाही आणि दारूही. मुलं खाणार. शिवाय आमारेत्ती इथे (नाशिक) मिळणार नाहीत. नानकटाई चुरून घातली तर? जुनाप्रवासींचा प्रतिसाद वाचून अंड्याबाबत आशा वाटतेय.

डोंगरउतार

अंड्याशिवाय नक्की होते. मिश्रणाला धरून ठेवतो तो पावातला स्टार्च, अंडं मदतनीस. फरक इतकाच की ती जरा ठिसूळ आणि जास्त ओलसर होते. दूध 1 लिटरऐवजी 850 मिलिलिटर घ्या, दहा मिनिटं जास्त भाजा आणि फ्रीजमध्ये पूर्ण गार झाल्याशिवाय सुरी लावू नका.

ग्राप्पाऐवजी बेदाणे संत्र्याच्या रसात भिजवा. नाशिकला आहात, बेदाण्यांची चिंता नाही. चांगले हिरवट, लांबट मिळाले तर उत्तम. इथल्या बाजारातल्या बारीक काळ्या मनुकांपेक्षा ते मला जास्त आवडतात आणि सुट्टीहून परतताना सांगली-तासगावकडचे बॅगेतून आणते.

नानकटाई नको. तिच्यात तूप आणि मैदा दोन्ही भरपूर. आमारेत्तीत दोन्ही नसतात: बदाम, साखर आणि अंड्याचा पांढरा भाग. अरे हो, तुम्हाला अंडं चालत नाही म्हणजे आमारेत्तीही बादच. मग साधे बदाम 80 ग्रॅम, सालासकट, कोरडे भाजून जाडसर कुटून घाला आणि बदाम इसेन्सचे दोनतीन थेंब.

कावळ्याची_शाळा

अंडं चालणाऱ्यांसाठी: तूतुकुडीचे मॅकरून बघा. काजू, साखर, अंड्याचा पांढरा भाग, एवढंच. तोंडात विरघळतात. चेन्नईहून कोणी येणार असेल तर मागवा. रचनेने आमारेत्तीच्या पुष्कळ जवळ, फक्त तो कडसर वास नाही.

डोंगरउतार

अरे वा, हे डोक्यातच आलं नव्हतं. कडसर वासासाठी तेच इसेन्सचे थेंब. आमारेत्तीतला तो वास पुष्कळदा बदामाचा नसतोच, जर्दाळूच्या बियांतल्या गराचा असतो.

भातुकली

जर्दाळूच्या बिया! लहानपणी दगडाने फोडून आतला बदाम खायचो. ते कुटून घालता येतील की.

रसायनी

थांबा. खुबानीच्या बियांतले गोड गर वेगळे आणि कडू गर वेगळे. कडू गरात अमिग्डालिन असतं, त्यापासून पोटात सायनाइड तयार होतं. कारखान्यात ते प्रक्रिया करून वापरतात. घरी चाखून कडू लागला तर टाकून द्या, लहान मुलांच्या पदार्थात तर प्रयोगच नको. थेंबभर इसेन्सने काम होतंय.

माडापासून

गोव्याहून लिहितोय. आमच्याकडे पोदेर सकाळ-संध्याकाळ सायकलवर भोंपू वाजवत येतो, त्यामुळे पाव उरणं हा रोजचाच विषय. माझं मत: पोळी (तुमच्याकडे पोई म्हणतात ती, वर कोंडा लावलेली) या कामाला नको. आतून पोकळ असते, सगळं कवचच, आणि कोंड्यामुळे मिश्रण खरखरीत होईल. उंडो घ्या. गोल, वरून कडक, आत भरीव. दुसऱ्या दिवशी तो दगड होतो आणि तुम्हाला तोच हवाय. लाकडाच्या भट्टीतला असेल तर त्याचा धुरकट वास कोकोबरोबर छान लागेल असं वाटतं.

दुसरं. ग्राप्पाच्या जागी फेणी घातली तर? काजूची.

जुनाप्रवासी

काजूची फेणी तीन चमचे घातली तर तोर्ता राहणार नाही, फेणीचा केक होईल. माझ्या मते माडाची घाला, ती सौम्य.

माडापासून

माडाची आहे घरात. पण जुनाप्रवासी, ग्राप्पा तरी कुठे सौम्य असते? चोथ्याची दारू ती, फळाच्या बोंडाची दारू ही. स्वभाव एकच.

डोंगरउतार

माडापासून यांच्या बाजूने मत. अमेरिकाना द्राक्षाची ग्राप्पा प्यायलेल्या माणसाला फेणीचा वास घाबरवणार नाही. पण तीन चमचे नको, दीड. भाजताना दारू बरीच उडते, वास मात्र मागे राहतो.

शेवगाशेंग

केली! ब्रून पाव, दोन अंडी, आमारेत्तीऐवजी भाजलेले बदाम, ग्राप्पाऐवजी रम. चव अफलातून. खोटं नाही सांगत, घरात कोणाला ओळखता आलं नाही की हा पाव आहे. सासूबाईंना खव्याचं काहीतरी वाटलं. पण दोन शंका. सव्वा तासानंतरही टूथपिक ओलीच निघत होती, म्हणून आणखी वीस मिनिटं ठेवली, तर कडा जरा करपट झाल्या. आणि मध्ये खळगा पडला. माझा साधा ओटीजी आहे, वर-खाली कॉइल.

डोंगरउतार

सासूबाईंचं प्रशस्तिपत्रक फ्रेम करून ठेवा.

टूथपिक इथे उपयोगाची नाही. या मिश्रणात दूध इतकं आहे की ती गार होईपर्यंत ओलीच निघणार. पाहायचं ते असं: कडा टिनपासून सुटल्यात का, आणि मध्यावर बोटाने हलकं दाबलं तर पृष्ठभाग परत वर येतो का. टिन हलवल्यावर मधला भाग पाण्यासारखा थरथरला तर वेळ आहे, जेलीसारखा थोडा हलला तर काढा.

ओटीजी छोटा असेल तर वरची कॉइल जवळ येते. पहिली चाळीस मिनिटं फक्त खालची, किंवा वर फॉइल सैल झाकून, मग शेवटी वरची. तापमान 170. आणि टिनमध्ये थर 4 सेंमीपेक्षा जाड नको. माझा अंदाज, तुमचा टिन 20 सेंमीचा आहे आणि प्रमाण पूर्ण घेतलंत.

खळगा पडणारच. फुगवायला आत काही नाही, ओव्हनमध्ये वाफेने ती जरा वर येते आणि मग बसते. इथल्या सगळ्या तोर्ता मध्ये बसक्या असतात.

शेवगाशेंग

टिन 20 सेंमीचाच :) तुम्हाला कसं कळलं?

ठेचामिरची

ओव्हन नसलेल्यांनी काय करायचं? कुकरमध्ये मीठ घालून केक करतात तसं?

डोंगरउतार

साध्या केकला ती युक्ती ठीक. इथे मिश्रणात पाणी जास्त, वेळ जास्त, आणि कुकरमध्ये वाफ कोंडते, त्यामुळे वरचा चकचकीत पापुद्रा येत नाही. जाड बुडाच्या कढईत, टिनखाली जाळी ठेवून, झाकण थोडं तिरकं ठेवून मंद आचेवर करून बघता येईल. तासदीड तास धरा. वरचा रंग तव्याचं उलथणं तापवून डागून द्यायचा असेल तर तुमची हौस. मी मात्र ओव्हनवाल्या शेजाऱ्यांशी मैत्री करण्याचा सल्ला देईन. इथेही पूर्वी गावची भट्टी सामायिकच असायची. पाव भाजून झाले की उरलेल्या उबेत असले पदार्थ जात.

लिंबलोण

माझीही झाली. बिनअंड्याची, संत्र्याच्या रसातली. फ्रीजमध्ये रात्रभर ठेवल्यावर सुंदर वड्या पडल्या. धाकट्याला "चॉकलेट बर्फी" म्हणून दिली. पण मला एक विचारायचं होतं: पाव तीन दिवस साठवत होते, पावसाळी हवा, त्यातल्या एका लादीला आतून चिकट तारा सुटत होत्या, बाहेरून बुरशी नाही. वास पिकलेल्या खरबुजासारखा. टाकून दिला. काय होतं ते?

रसायनी

अगदी योग्य केलंत. याला बेकरीवाले 'रोप' म्हणतात. पिठातले बॅसिलस जातीचे जिवाणू. त्यांचे बीजाणू भट्टीच्या उष्णतेतही मधल्या भागात जगतात आणि उष्ण दमट हवेत पाव आतून खायला लागतात. वास आधी फळासारखा येतो, मग तारा सुटतात. असा पाव दुधात उकळूनही वापरायचा नाही.

बुरशीचंही तेच: हिरवा भाग कापून उरलेला वापरणं नको, तंतू आत पसरलेले असतात. आपल्या हवेत पाव 'साठवत' बसू नका. उरला त्याच दिवशी काप करून वाळवा, कडकडीत झाल्यावर डब्यात. किंवा तुकडे फ्रीझरमध्ये जमवा आणि 300 ग्रॅम झाले की करा. तिचिनोच्या कोरड्या हिवाळ्यात फडक्यात बांधून खुंटीला टांगलेला पाव टिकतो, दादरला नाही टिकणार.

डोंगरउतार

+१, हे मूळ पाकृतच लिहायला हवं. संपादित करते.

भातुकली

अवांतर प्रश्न. तिथे हॉटेलात मिळते का ही? फिरायला येतोय मे महिन्यात, लुगानो दोन दिवस.

डोंगरउतार

मिळते, पण तळ्याकाठच्या पर्यटकी हॉटेलांत शोधू नका. ग्रोत्तो शोधा. डोंगराच्या कपारीतून गार वारा येतो तिथे पूर्वी वाइन आणि चीज ठेवायला दगडी खोल्या बांधत, त्यांच्यापुढे झाडाखाली ग्रॅनाइटची टेबलं. आता त्यांच्या साध्या खानावळी झाल्या आहेत. फळ्यावर पोलेन्ता, मांसाचा रस्सा, घरचं चीज लिहिलेलं असतं, खाली एका ओळीत तोर्ता. बहुतेक ग्रोत्तो उन्हाळी मोसमातच उघडे असतात, मे म्हणजे नुकते उघडलेले. शाकाहारी असाल तर पोलेन्ता-चीज आणि तोर्ता यावर मजेत दिवस निघतो. घेण्याआधी विचारा की कालची आहे का. आजची असेल तर उद्या या म्हणणारा ग्रोत्तोवालाही मी पाहिलाय.

जुनाप्रवासी

सोबत मेर्लो वाइन घ्या, पीत असाल तर. तिचिनोत त्या द्राक्षाची वेल आली 1906 च्या सुमारास, जुन्या वेली रोगाने गेल्यावर. आता सगळीकडे तीच.

ठेचामिरची

ताई, एक ऐतिहासिक शंका, यावेळी विरजण नाही. युद्धाच्या काळात स्वित्झर्लंडात ताजा पाव विकायला बंदी होती असं कुठेतरी वाचलं होतं. खरं का?

डोंगरउतार

खरं आहे. दुसऱ्या महायुद्धात धान्याची आयात अडली तेव्हा भाजलेला पाव त्याच दिवशी विकायला मनाई झाली, निदान एक दिवस ठेवूनच विकायचा. हेतू सरळ: ताजा गरम पाव माणूस जास्त खातो. 1942 मध्ये पावाचं रेशनिंगही आलं. माझ्या इमारतीत खाली राहणाऱ्या आजी तेव्हा लहान होत्या. त्या सांगतात की त्या वर्षांत तोर्ता झालीच नाही, कारण उरायला पाव होता कुठे.

ठेचामिरची

हे पटलं. फोडणीची पोळीही उरल्याशिवाय होत नाही.

मग आता चिलगोजे सोडून बाकी सगळं आणतो. उंडो ठाण्यात कुठे मिळेल?

माडापासून

ठाण्यात उंडो शोधू नका, ब्रून घ्या. नाहीतर पुढच्या शनिवारी मी दादरला येतोय, डझनभर आणतो. गाडीतच शिळे होतील.

ठेचामिरची

व्यनि (व्यक्तिगत निरोप) करतो. सोबत माडाचीही बाटली असेल तर हरकत नाही.